काचेवरची वीतभर पट्टी

३ मार्च २०२५, सोमवार. लातूर

नखांतला गोंद निघत नाही. रॉकेल लावून पाहिलं, मग खोबरेल तेल. भाकरी मोडताना हाताला तोच वास.

आजपासून काचांची मोहीम. गाड्यांच्या काळ्या फिल्म काढायच्या, आणि पुढच्या काचेला वरच्या कडेने चिकटवलेल्या पट्ट्याही. सकाळी औसा रोडला उभे होतो, दुपारी बार्शी रोडला. पथकात मी, मल्लिनाथ सर आणि ड्रायव्हर. सर निरीक्षक, मूळ उदगीरचे, नोकरीत केस पिकलेले. मी सहाय्यक निरीक्षक होऊन अजून वर्ष व्हायचंय. लोक दोघांनाही ‘आरटीओ’च म्हणतात.

फिल्मचा नियम तोंडपाठ आहे. पुढच्या आणि मागच्या काचेतून सत्तर टक्के उजेड आरपार गेला पाहिजे, बाजूच्या काचांतून पन्नास. यंत्र काचेला लावलं की आकडा येतो आणि वाद मिटतो. पट्टीचं तसं नाही. एकाने विचारलं, मॅडम, वरची चार बोटं तरी चालत असतील ना? मी ठणकावून नाही म्हणाले, आणि घरी आल्यावर नियम पुन्हा काढून वाचला. त्यात पट्टी हा शब्दच नाही, नुसती काच आहे. आता वरची चार बोटं म्हणजे काच नाही असं कसं म्हणणार? सरांचं म्हणणं, कंपनीतूनच काचेला रंगीत कड आली असेल तर तो भाग वेगळा. आपण वरून चिकटवलेलं काढायचं. मला पटतं. पण रस्त्यावर जेवढ्या ठाम आवाजात बोलते तेवढी मी आतून ठाम नसते.

दुपारच्या उन्हात गोंद मऊ होतो, पट्टी सरकन निघते. एवढंच आज नवीन शिकले.

६ मार्च, गुरुवार

आजचं लिहिल्याशिवाय झोप लागणार नाही.

उदगीरकडून एक पांढरी गाडी आली. चालवणारे संगप्पा म्हणून अडत दुकानदार, कपाळाला भस्म, मागे त्यांची म्हातारी आई. पुढच्या काचेवर वरच्या बाजूला वीतभर रुंद पट्टी, त्यावर ‘ॐ नमः शिवाय’. यंत्र लावलं तर आकडा दहाच्या आत. मी नियम सांगितला. ते शांतपणे खाली उतरले, चपला काढून बाजूला ठेवल्या आणि पट्टी स्वतःच्या हाताने सोलून काढली. मी खोक्यात टाकायला हात पुढे केला तर त्यांनी ती दिली नाही. घडी घालून आईच्या मांडीवर ठेवली. मग माझ्या छातीवरच्या नावाच्या पाटीकडे बघत म्हणाले, “मॅडम, तुमची ड्युटी हाय, करा. फक्त काढायचं तर सगळ्यांचं काढा. निळं बी काढा.”

आवाज चढवला नाही, वाकडं बोलले नाहीत. मी म्हणाले, सगळ्यांचं काढते. ते नमस्कार करून गेले.

सर म्हणाले, मनावर घेऊ नका, ते मलाही असंच म्हणाले असते. म्हणाले नसते. ते सरांना ‘आपल्यातले’ म्हणून काहीतरी वेगळं म्हणाले असते. ‘धम्मप्रिया’ वाचल्यावर समोरच्याच्या डोळ्यात काय हलतं ते मला शाळेपासून कळतं. पण मग मला राग कशाचा आला? त्यांनी मागितलं ते न्यायाचंच होतं.

९ मार्च, रविवार. अर्धापूर

घरी आले. आणि बघते तर अण्णांच्या काळीपिवळीच्या काचेवर नवीकोरी निळी पट्टी. ‘नमो बुद्धाय’. संगप्पांच्या पट्टीहून रुंद.

अण्णा म्हणजे माझे वडील, ग्यानोबा. मी शाळेत जात नव्हते तेव्हापासून अर्धापूर ते नांदेड जीप चालवतात. त्यांच्या गाडीवर आधी कधी काही लिहिलेलं नव्हतं. पंचशील रोज म्हणतात, पण घरात, उभं राहून, हलक्या आवाजात. दाखवायचा स्वभावच नाही. त्यामुळे मला वाटतं स्टँडवरच्या कोणीतरी भरीला घातलंय. विचारलं तर म्हणाले, “राहू दे. बरी दिसती.”

मी मोहिमेचं सांगितलं. मे महिन्यात त्यांच्या गाडीचं पासिंग आहे, तेव्हा तर काढावीच लागेल, मग आताच काढा, असं मी म्हणाले. ते टोपी डोळ्यांवर ओढून बाजेवर आडवे झाले.

वय दिसायला लागलंय. पेपर आला की पहिल्यांदा तेच उघडायचे. आता माय वाचते आणि हे डोळे मिटून ऐकतात. दिवस मावळायच्या आत गाडी अंगणात असते. मायला बरं वाटत असेल. तिने आयुष्यभर हेच मागितलं होतं. लिंबाजी काकांशी मैत्रीही या वयात जास्तच घट्ट झालीय. काका नांदेडच्या एका कापड दुकानात कामाला आहेत, रोज अण्णांच्या शेजारच्या सीटवर बसून जातात आणि संध्याकाळी त्यांच्याच गाडीने परत येतात. काकांना सुट्टी असली की अण्णाही गाडी काढत नाहीत म्हणे. मी हसले. माय हसली नाही.

१८ मार्च, मंगळवार. लातूर

मोबाईलवर माझा व्हिडिओ फिरतोय. गेल्या आठवड्यात एका टेम्पोवरची पट्टी काढताना कोणीतरी घेतलेला. खाली लोकांनी काय काय लिहिलंय ते इथे लिहीत नाही. दुपारपर्यंत मी न बघायचं ठरवत होते आणि बघत होते.

संध्याकाळी मल्लिनाथ सरांनी मला बाजूला बोलावून त्यांचा फोन दाखवला. अण्णांच्या गाडीचा फोटो. निळी पट्टी, खाली नंबर स्वच्छ. ओळ अशी की दुसऱ्यांच्या देवांची नावं काढणाऱ्या मॅडमच्या घरची गाडी बघा. कोणी काढला, अर्धापूरला कोण गेलं, काही कळत नाही. सर एवढंच म्हणाले की या रविवारी घरी जाऊन काढून टाका, आठ दिवसांत लोक विसरतील. वर चौकशीबिकशी काही नाही.

सरांशी नियमावर वाद घातला. दक्षिणेतल्या एका हायकोर्टाने म्हटलंय की टक्केवारी सांभाळली तर फिल्म चालते. सुप्रीम कोर्टाने आधी फिल्मच नको म्हटलं होतं. मधल्या काळात नियमातले शब्द बदलले. मग आपण रस्त्यावर नेमकं काय राबवतोय? सरांनी ऐकून घेतलं. म्हणाले, तुमच्या वडिलांच्या पट्टीतून सत्तर टक्के उजेड जातो का?

जात नाही. मला माहितीय. मी वाद कशासाठी घातला तेही माहितीय.

२३ मार्च, रविवार. अर्धापूर

भांडण झालं. आमच्या घरात भांडण होत नाही, म्हणून ते कसं करायचं हेही कोणाला येत नाही.

मी फोटो दाखवला. अण्णांनी फोन हातात घेतला, लांब धरला, जवळ धरला आणि परत दिला. म्हणाले, लोकाचं काय ऐकायचं. मी म्हणाले, लोकांचं नाही, नियमाचं ऐका. रोज दुसऱ्यांच्या काचा साफ करते, मला तोंड दाखवायला जागा उरली नाही. मी बोलत गेले. नोकरीसाठी त्यांनी काय काय केलं तेही मीच बोलून दाखवलं, जसं काही मी त्यांच्यावर उपकार केलेत. शेवटी ते उठून उभे राहिले.

“मह्या गाडीवर त्याचं नाव हाय. ते मी काढणार न्हाई. तुला काढायचं तर वर्दी घालून ये.”

हे शब्द मी त्यांच्या तोंडून कधी ऐकले नव्हते. आजोबांनी छप्पन साली दीक्षा घेतली तेव्हा गावाने त्यांचं पाणी तोडलं होतं, ते अण्णांनी मला एकदाच सांगितलंय, तेही आवाज न चढवता. त्या माणसाने आज एवढं बोलावं म्हणजे ते आत किती खोल असेल. मला स्वतःची लाज वाटली. मग लाज वाटल्याचा राग आला. नाव मनात असतं, काचेवर कशाला, असं मी संगप्पांना मनातल्या मनात म्हणाले होतेच ना.

मी बाहेर ओट्यावर बसले होते तिथे माय आली. “बाई, ते नावाचं न्हाई गं,” असं काहीतरी म्हणत होती, तेवढ्यात अण्णांनी आतून “भामा” म्हणून हाक मारली. एरवी हाक मारतात तशी नव्हती. ती उठून गेली. पुन्हा त्या विषयावर आली नाही. घाबरली असेल, बाप आणि लेकीच्या मध्ये कशाला पडा म्हणून.

२७ मार्च, गुरुवार. लातूर

आज निलंग्याकडून एक जीप आली, निळी पट्टी, ‘जय भीम’. चालवणारा पोरगेला, माझ्याहून लहान. माझं नाव वाचून त्याचा चेहरा उजळला. म्हणाला, “ताई, आपलीच माणसं की.” मी ब्लेड काढलं. तो हसायचा थांबला आणि मी पूर्ण सोलून होईपर्यंत दुसरीकडे बघत उभा राहिला. पट्टी त्याच्या हातात दिली, संगप्पांनी केली तशीच घडी घालून. त्याने घेतली आणि गाडी चालू केली.

सगळ्यांचं काढते म्हणाले होते, काढलं. मग बरं का वाटत नाहीये? जेवण गेलं नाही. खोलीत इकडून तिकडे चालतेय. पंखा बंद केला, चालू केला.

बदलीचा अर्ज लिहायला घेतला होता. कारण काय लिहायचं तिथे अडकले.

४ एप्रिल, शुक्रवार

मायचा फोन. अण्णांनी गाडीचा आरसा केळीच्या टेम्पोला घासला. लागलं कोणाला नाही, आरसा गेला. मी विचारलं कसं काय, तर म्हणाली, उन्हानं. आणि लगेच, तू कवा येतीस? मी म्हणाले जयंतीला येते. तिला अजून काही बोलायचं होतं असं वाटलं, पण मीच बोलत सुटले.

कारण मला आता कळलंय काय झालं ते. एवढी रुंद पट्टी आणि अण्णा उंच. ती सरळ नजरेच्या आड येते, बाजूचं वाहन दिसत नाही. हेच तर मी महिनाभर रस्त्यावर लोकांना सांगतेय. तीस-पस्तीस वर्षं ज्यांनी गाडीला ओरखडा लागू दिला नाही त्यांचा आरसा त्या पट्टीने घालवला. मायला म्हणाले, आता ती पट्टी राहणार नाही. माय म्हणाली, “तू आधी ये तर खरी.”

१४ एप्रिल, सोमवार. अर्धापूर

जयंती. सकाळी विहारात वंदना झाली, पांढऱ्या साड्या, खीर. अण्णा पहिल्या रांगेत उभे होते. मला बघून मान हलवली. बोलणं तेवढंच.

संध्याकाळच्या मिरवणुकीला मात्र आले नाहीत. एवढी वर्षं पुढे चालायचे ते. म्हणाले, त्या लाइटांनी डोकं ठणकतं. मला कळलं की हा राग आहे आणि तो माझ्यावरचा आहे. मी मायबरोबर गेले. सगळी गल्ली निळी झाली होती. लिंबाजी काका भेटले, अण्णांना नाही आणलं का विचारलं आणि माझ्याकडे जरा जास्त वेळ बघत राहिले. मग म्हणाले, “पोरी, तू शिकलेली हायेस. जरा बगत जा त्याच्याकडं.” मी म्हणाले, बघते काका. तेही पट्टीच्या बाजूचे दिसतात.

पट्टी आज काढणार नाही. जयंतीला नाही. उद्याची रजा टाकलीय.

१५ एप्रिल, मंगळवार

काढली.

दुपारी अण्णा जेवून झोपले होते. गाडी उन्हात उभी, काच तापलेली. कोपरा नखाने उचलला आणि पट्टी सरळ आली, कुठे फाटली नाही. गोंदाच्या रेघा राहिल्या त्या रॉकेलच्या फडक्याने पुसल्या. मी बरोबर करतेय असंच वाटत होतं. पट्टी घडी घालून विहारातल्या फोटोखाली ठेवून आले.

परत आले तर अण्णा अंगणात गाडीपुढे उभे. कपाळावर आडवा हात धरून काचेकडे बघत होते. मला वाटलं आता बोलतील. त्यांनी काचेवरून तळवा फिरवला, डावीकडून उजवीकडे, आणि आत गेले. माय दारात होती. तिने माझ्याकडे बघितलं ते मला आवडलं नाही. मी काही पाप केल्यासारखं.

उद्या सकाळी त्यांच्याच गाडीने नांदेडला जाते, तिथून लातूरची बस. त्यांच्या शेजारी बसेन. वाटेत बोलायला मिळेल.

१६ एप्रिल, बुधवार. नांदेड

बसस्थानकाच्या बाकावर बसून लिहितेय. लातूरला गेले नाही. जमेल तेवढं लिहिते.

सकाळी गाडी भरली. लिंबाजी काका नेहमीसारखे पुढे बसायला आले, तर मी आधीच बसलेले. ते थबकले. अण्णांकडे बघितलं. अण्णा म्हणाले, बसू दे तिला, आज मागं बस. काका मागे गेले, पण मधल्या सीटवर पुढे वाकून बसले, अण्णांच्या खांद्यामागे तोंड आणून. मला त्यांचा रागच आला, बापलेकीला दोन शब्द बोलू देत नाहीत.

गावातून निघेपर्यंत ठीक होतं. वळणानंतर रस्ता सरळ होतो आणि सकाळचा सूर्य अगदी समोर येतो. अण्णांनी डोळे बारीक केले. मान खाली घातली, मग तिरकी केली. गाडी हळू झाली. मी म्हणत होते की अण्णा, माझं चुकलं असेल तर बोला, पण असं गप्प राहू नका. ते ऐकत नव्हते. मला वाटलं मुद्दाम.

समोर एक माणूस सायकल ढकलत रस्ता ओलांडत होता. दोन्ही बाजूंनी कडब्याच्या पेंढ्या बांधलेल्या, एवढी मोठी वस्तू. मी त्याला कधीची बघत होते. अण्णाही बघतायत असं धरून चालले. गाडीचा वेग आणखी कमी होईना.

मागून काका म्हणाले, “ग्यानोबा, सायकल. डाव्या अंगानं घे.” अण्णांनी डावीकडे घेतलं, आणि सायकल तोवर डावीकडेच आली होती.

स्टिअरिंग मी धरलं. जोर करून उजवीकडे ओढलं, अण्णांनी ब्रेक दाबला, गाडी तिरकी होऊन पलीकडच्या मातीत उतरली आणि थांबली. पेंढीला धक्का लागून सायकल पडली. तो माणूस उठला, त्याला खरचटलंही नव्हतं. त्याने शिव्या घातल्या, कडबा गोळा केला. कोणीच त्याला उलटून बोललं नाही.

गाडीत मागे एक म्हातारी होती, रोज भाजी घेऊन जाणारी. ती शेजारणीला म्हणाली, “आज लिंबाजीला मागं बसवलं, म्हणून झालं.”

मी ते वाक्य ऐकलं आणि तरी थोडा वेळ मला काही समजलं नाही. मग गाडीतल्या तोंडांकडे बघितलं. सगळ्यांना ठाऊक होतं. रोजचे बसणारे सगळे. मायला ठाऊक होतं. फक्त मी.

अण्णांचे दोन्ही हात अजून स्टिअरिंगवर. मी विचारलं, “अण्णा, सायकल दिसली न्हाई?”

“ऊन समोर आलं की समदं पांढरं होऊन जातंय. पट्टी होती तवर भागत होतं.”

मी किल्ली काढून घेतली. ते मुकाट्याने उतरले आणि फिरून माझ्या जागेवर येऊन बसले. गाडी मी चालवली, माणसं नांदेडला पोचवली. सूर्य माझ्याही डोळ्यांत येत होता, पण मला रस्ता दिसत होता.

त्याच दिवशी, नंतर

मघाशी सगळं लिहून झालं नाही.

लोक उतरून गेल्यावर आम्ही चहाच्या टपरीवर बसलो. लिंबाजी काका कामावर जायचं सोडून थोडे लांब उभे राहिले. मी अण्णांना विचारलं, कधीपासून. म्हणाले, मागच्या दिवाळीपासून. आधी रात्रीच्या समोरच्या लाइटांचं, मग उन्हाचं. स्टँडवर एकाने सांगितलं की वरची पट्टी रुंद केली तर तिरीप लागत नाही. मग नाव कशाला लिहिलं, तर म्हणाले, नुसती पट्टी कोणीही काढायला लावतं.

मी रडत होते आणि ओरडत होते, दोन्ही एकदम. मी म्हणाले, मला का सांगितलं नाही? मला, माझं कामच हे असताना?

“त्याच्यानंच न्हाई सांगितलं. तुला कळलं असतं तर तुला मला थांबवावं लागलं असतं. न्हाई थांबवलं असतंस तर तुझी नोकरी, थांबवलं असतंस तर मी. म्हणलं, पोरीवर ही येळ नको. हळूहळू बंद करू.” चहाचा कप त्यांनी खाली ठेवला तो बाकाच्या कडेवर, मी धरला. “त्याचं नाव घेऊन खोटं बोललो तुझ्यासंगं. ते मातर वाईट झालं.”

कुठल्याशा दुकानातून गाणं वाजत होतं. मी त्यांच्याकडे बघितलं, खरोखर बघितलं. डाव्या डोळ्याच्या बाहुलीत दुधाची साय धरावी तसं काहीतरी. काळोखातही दिसलं असतं. मी दीड महिना लोकांच्या काचांना यंत्र लावत होते आणि दर पंधरा दिवसांनी घरी येऊन या डोळ्यांसमोर जेवत होते.

१९ एप्रिल, शनिवार. नांदेड

डॉक्टरांनी सांगितलं मोतीबिंदू, दोन्ही डोळ्यांत, डावा जास्त पिकलेला. साधं ऑपरेशन आहे म्हणाले. इतके दिवस गाडी कशी चालवली, असं विचारल्यावर अण्णा माझ्याकडे तोंड करून बसले, माझ्यावर सोपवल्यासारखे. मी म्हणाले, चालवत नाहीत आता.

मायशी यावर आज पहिल्यांदा बोलले. तिला विचारलं, तू तरी. ती म्हणाली, “किती डाव फोन केला तुला. तू पट्टीवरच बोलून राहिली होतीस.” तिच्या आवाजात राग नव्हता, थकवा होता. मला राग चालला असता.

२१ एप्रिल, सोमवार. लातूर

मल्लिनाथ सरांना सगळं सांगितलं, काहीही न लपवता. गाडीत माणसं असायची, रोज, महिनोन्‌महिने. ते मी कुठे नोंदवू? नांदेडच्या कार्यालयात जाऊन माझ्या वडिलांविरुद्ध काय लिहून देऊ? सर म्हणाले, गाडी उभी आहे ना? लायसन्स?

लायसन्स अण्णांनी स्वतःच माझ्या पर्समध्ये घातलंय. “डॉक्टरनं लिहून दिलं तरच दे. न्हाईतर मी मागितलं तरी देऊ नको.” सर म्हणाले, मग आज एवढं पुरे.

मला पुरत नाही. त्या सायकलवाल्याचा चेहरा डोळे मिटले की दिसतो. काही झालं नाही म्हणून हे घरातलं राहिलं. झालं असतं तर?

आज पाच पट्ट्या काढल्या. प्रत्येकाला आधी गॉगल उतरवायला लावला आणि डोळ्यांत बघितलं. एकजण म्हणाला, मॅडम, दारू नाही पिलेलो.

३ मे, शनिवार. नांदेड

काल डाव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. आज सकाळी पट्टी सोडायची होती. माय, मी आणि लिंबाजी काका बाहेर बाकावर. काकांनी दुकानातून सुट्टी काढली होती. मला त्यांच्याशी नीट बोलायचं होतं. मी त्यांना चहा आणून दिला. एवढे दिवस दुसऱ्याचा रस्ता बघत बसलेला माणूस, त्यांनी बरोबर केलं की चूक, मला अजून सांगता येत नाही. ते म्हणाले, “मला बी भ्या वाटायचं, पोरी. रोज.”

मग आत बोलावलं. नर्सने डोळ्यावरचा कापूस काढला, ओल्या बोळ्याने पुसलं आणि काळा चष्मा पुढे केला. बाहेरच्या उजेडात हाच लावायचा, काढायचा नाही म्हणून बजावलं. अण्णांनी तो हातात घेतला, घातला नाही.

“थांब जरा. आधी बगू दे.”

त्यांनी खोली बघितली. खिडकी बघितली. मायकडे बघून म्हणाले, भामा, एवढे पिकले का केस? मायने पदर डोक्यावर ओढून घेतला आणि तोंड फिरवलं.

मग माझ्याकडे. मी मुद्दाम वर्दीत आले होते, इथून सरळ लातूरला जायचं म्हणून. मी जवळ गेले. नोकरी लागल्यापासून त्यांनी मला या कपड्यांत धड बघितलंच नव्हतं, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं. ते बराच वेळ बघत राहिले, खालून वरपर्यंत, चेहऱ्यावर येऊन थांबले.

“लई काळवंडलीस गं बाई,” ते म्हणाले. “दिवसभर उन्हातच उभं करतेत काय?”

मी “हाव” म्हणाले.

त्यांनी मान हलवली आणि मग चष्मा लावला.